“किती राहिलं?” विचारणाऱ्यांसाठी: निवृत्तिनाथांच्या पालखीबरोबर पहिली वारी

ज्येष्ठ लागला की आमच्या कंपनीच्या कँटीनमध्ये कुणी ना कुणी ताट घेऊन शेजारी येऊन बसतं आणि आवाज खाली आणून विचारतं, “यंदा वारीला यावं म्हणतोय. काय काय लागतं?” नाशिकजवळच्या अंबडच्या एमआयडीसीत माझं काम वेळ मोजायचं. कुठल्या मशीनवर एक नग निघायला किती सेकंद लागतात ते स्टॉपवॉच लावून बघायचं आणि फळ्यावर लिहायचं. असा माणूस त्र्यंबकेश्वर ते पंढरपूर चार वेळा पायी गेला, तर तुम्हालाही जमेल. पण पहिल्या वर्षी मी केल्या त्या चुका तुम्ही पुन्हा करू नका, म्हणून हे सविस्तर लिहितो आहे.

वारी म्हटली की आपल्याला आळंदी-देहू आठवतं, दिवेघाट आठवतो. पण ज्ञानोबांचे थोरले बंधू आणि गुरू निवृत्तिनाथ यांची समाधी आपल्या त्र्यंबकला, नाशिकपासून २८ किलोमीटरवर आहे. आईवडिलांबरोबर ब्रह्मगिरीची प्रदक्षिणा करताना वाघ समोर आला, पांगापांग झाली आणि लहानगा निवृत्ती एका गुहेत शिरला. तिथे गहिनीनाथ बसले होते, अशी कथा आपण लहानपणापासून ऐकतो. वाट चुकलेल्या मुलाला गुरू भेटला, तिथूनच आपली पालखी निघते. नव्या माणसाने धीर धरायला एवढं पुरे आहे.

१. तारीख पंचांगात बघा, मागच्या वर्षीच्या फोटोंवरून नको

पालखी ज्येष्ठ पौर्णिमेच्या सुमारास त्र्यंबकेश्वरहून निघते आणि आषाढी एकादशीला पंढरपुरात असते. म्हणजे सव्वीस-सत्तावीस दिवस. इंग्रजी तारीख दर वर्षी सरकते आणि अधिक महिना आला तर चांगलीच सरकते. २०२५ मध्ये आषाढी ६ जुलैला होती. २०२६ मध्ये ज्येष्ठच अधिक आल्यामुळे ती २५ जुलैवर गेली. “गेल्या वर्षी जूनच्या दहा तारखेला निघाली होती” या हिशेबावर रजा टाकलेला माणूस मी पाहिला आहे. समाधी संस्थान दर वर्षी मुक्कामांची पत्रिका काढतं. ती हातात आल्याशिवाय कुठलंही तिकीट काढू नका.

सगळे दिवस जमत नसतील तर लाजू नका. पुष्कळ नोकरदार त्र्यंबक ते सिन्नर चालतात, परत येतात आणि शेवटच्या आठवड्यात करमाळ्याला पुन्हा सामील होतात. दिंडीत याचं कुणाला वावडं नाही. फक्त ते आधी सांगा, म्हणजे पंगतीचा अंदाज चुकत नाही.

२. दिंडी निवडा, आणि इथे घाई करू नका

एकट्याने पालखीमागे चालत राहता येतं, पण नव्याने तसं करू नये. झोपायला तंबू, दोन वेळचं जेवण, सामान वाहणारा ट्रक आणि ताप आला तर विचारपूस करणारं माणूस, हे सगळं दिंडीमुळे मिळतं. त्यासाठी जे पैसे भरायचे त्याला भिशी म्हणतात. काही दिंड्या पैशांबरोबर थोडे गहू-तांदूळही घेतात. शेतकऱ्यांच्या दिंडीत तर धान्याचीच किंमत जास्त.

माझी पहिली चूक इथलीच. मोबाईलवर फिरत आलेल्या एका जाहिरातीवरून मी एका गटात पैसे भरले. गरम पाणी, गादी, तीन वेळा चहा, सगळं लिहिलेलं होतं. पहिल्याच मुक्कामी सामानाचा ट्रक रात्री साडेअकराला आला, तोही तळापासून लांब, आणि त्या गटाचा पालखी सोहळ्याशी काही संबंध नाही हे तेव्हा कळलं. नाशिकनंतरच्या मुक्कामी, पळशाला, मी एका जुन्या दिंडीच्या मालकांकडे हात जोडून उभा राहिलो. त्यांनी विचारलं, “ताट आणलंय का?” मी म्हटलं, आणलंय. “मग बस.” एवढाच प्रवेशअर्ज.

तेव्हा दिंडी निवडताना हे विचारा: पालखी सोहळ्यात तिचा क्रमांक आहे का, पालखीच्या रथापुढे की रथामागे? किती वर्षं चालते? स्वयंपाक स्वतःचा आहे की वाटेतल्या अन्नदानावर भागवतात? बायकांसाठी वेगळा तंबू आहे का? आपल्या गल्लीत, गावात, सासुरवाडीत एखादा माळकरी असतोच. त्याला विचारा. सिन्नर, निफाड, दिंडोरीकडच्या गावांत तर घरटी कुणीतरी वारीला गेलेलं असतं.

३. पाय तयार करा

निदान दोन महिने आधी. गोल्फ क्लबच्या ट्रॅकवर मी रोज सहा फेऱ्या मारत होतो आणि खुशीत होतो. पण तिथली वाट मऊ आहे, झाडांची सावली आहे. वारी डांबरावर चालते आणि जूनमधलं डांबर खालून भाजतं. म्हणून आठवड्यातून एकदा उन्हात, रस्त्यावर, पाठीवर छोटी पिशवी घेऊन दहा-बारा किलोमीटर चाला. पालखीची रोजची चाल साधारण पंधरा ते पंचवीस किलोमीटर असते. आकडा मोठा वाटत नाही, पण दुसऱ्या दिवशी तेच, तिसऱ्या दिवशी तेच, हे अंगाला शिकवावं लागतं.

रंगीत तालीम करायची असेल तर पौष वद्य एकादशी आहेच. निवृत्तिनाथांच्या त्या यात्रेला गावोगावच्या दिंड्या त्र्यंबकला चालत येतात. नाशिकहून त्यांच्याबरोबर एक दिवस चालून बघा. थंडी असते, त्यामुळे शरीराची परीक्षा सोपी. पण दिंडीची शिस्त, अभंग, पंगत, उघड्यावरची झोप याची चव कळते.

वारीसाठी नवे बूट घेऊ नका. हे मी मोठ्याने सांगतो, कारण मी घेतले होते. महाग होते, बंद होते, त्यात पाणी शिरलं आणि चौथ्या दिवशी दोन्ही टाचांवर लिंबाएवढे फोड. जुने, पायात बसलेले, मागून पट्टा असलेले सँडल सगळ्यात बरे. फोड आला तर जुनी माणसं सुई-दोरा घेऊन येतील. वाटेवरच्या आरोग्य पथकातले डॉक्टर मात्र कातडी सोलू नका, धुऊन, मलम लावून झाका असं सांगतात. डॉक्टरांचं ऐका. सुई-दोरा सदऱ्याच्या गुंडीसाठी ठेवा.

४. सामान

दोन बॅगा करा. मोठी ट्रकमध्ये जाते आणि थेट संध्याकाळी दिसते. छोटी खांद्याला.

मोठीत: सतरंजी आणि पातळ चादर, मोठं मेणकापड (खालून ओल येते, वरून पाऊस), कपड्यांचे तीन जोड, दोन टॉवेल, स्टीलचं ताट-वाटी-तांब्या, कपडे वाळत घालायला दोरी आणि चिमटे, खोबरेल तेल, महिनाभराची रोजची औषधं.

छोटीत: पाण्याची बाटली, उपरणं किंवा गमछा, टोपी, छत्री, ओआरएसची पाकिटं, चिकटपट्टी, बॅटरी, पॉवर बँक, गूळ-शेंगदाणे, सुटे पैसे. दहाच्या नोटा जास्त घ्या. मोबाईलवरून पैसे देता येतात. पण गर्दी वाढली की नेटवर्क जातं आणि चहावाला तुमच्याकडे बघत राहतो.

कागद: आधार कार्डाची प्रत, रक्तगट आणि चालू औषधं लिहिलेली चिठ्ठी, घरच्या दोन माणसांचे फोन नंबर कागदावर (फोन बंद पडल्यावर बायकोचाही नंबर आठवत नाही, अनुभव घ्या), दिंडीचा क्रमांक आणि दिंडीमालकांचा नंबर. पन्नाशीच्या पुढचे असाल किंवा बीपी-शुगर असेल तर निघण्याआधी तपासणी करून घ्या आणि तो कागदही ठेवा.

बॅगेला एखादी ठळक रंगाची चिंधी बांधा. ट्रकमधून अंधारात दोनशे बॅगा खाली पडतात, त्यातल्या दीडशे काळ्या असतात.

तुळशीची माळ घालायलाच हवी का, असं विचारतात. नाही. माळ घातली की मांस-मद्य सुटलं, एकादशी आली, वारी आली. पहिल्या वर्षी बिनमाळेचं चाला. घालावीशी वाटली तर पुढे घाला.

५. नाशिक ओलांडेपर्यंत घरी जाऊ नका

हा सापळा फक्त आपल्याच लोकांसाठी आहे. त्र्यंबकहून निघालेली पालखी सातपूरला येते, मग नाशिक शहरात, मग पळसे. म्हणजे दोन-तीन रात्री तुमचं घर रिक्षाच्या अंतरावर असतं. तंबूत डास, शेजारी घोरणारा, आणि मनात एकच विचार: सिडकोत आपला पंखा फिरतोय.

मी गेलो. गरम पाण्याने आंघोळ केली, मऊ भात खाल्ला, सकाळी साडेसहाला रिक्षाने तळावर आलो, तर तिथे फक्त पत्रावळ्या आणि कुत्री. माझं सामान पुढे गेलेलं, गट पुढे गेलेला. नाशिकरोडपर्यंत धापा टाकत गेलो. पण उशीर झाला याचं मला फार वाटलं नाही. घरी जाऊन आल्यावर मी पुन्हा पाहुणा झालो, ते लागलं. तंबूतली माणसं रात्रभर एकत्र भिजली होती आणि मी कोरडा होतो. घरच्यांना भेटायचं असेल तर त्यांनाच तळावर बोलवा. पिठलं-भाकरी घेऊन येऊ द्या, चार जास्तीच्या भाकरी आणायला सांगा.

६. दिवस कसा जातो

पहाटे तीन-साडेतीनला जाग येतेच, कारण कुणीतरी काकडा सुरू करतं. टँकरपाशी रांग असते. साडेतीनला उठलेला माणूस शांतपणे आंघोळ करतो, साडेचारला उठलेला भांडतो. शौचाला अंधारात एकट्याने जाऊ नका, बॅटरी घ्या. माझी बहीण दोनदा आली आहे. तिचं नव्या बायकांना सांगणं असं: फिरती शौचालयं तळाच्या कुठल्या टोकाला आहेत ते संध्याकाळी उजेडातच बघून ठेवा, जोडीने जा, आणि त्या भीतीपोटी पाणी कमी पिऊ नका. पाणी कमी प्यायलेल्या बायकाच दुपारी रस्त्याकडेला बसलेल्या दिसतात.

मग चाल. पुढे पताकावाले, मागे टाळकऱ्यांच्या ओळी, मृदंग, विणेकरी, त्यांच्यामागे डोक्यावर तुळस घेतलेल्या बाया. दिंडीच्या मधून आडवं जाऊ नका. फोटो काढायला थांबलात तर बाजूला व्हा. विणेकऱ्यांच्या हातातली वीणा खाली ठेवत नाहीत, ती एका हातातून दुसऱ्या हातात जाते आणि देणारा-घेणारा एकमेकांच्या पाया पडतात. सगळेच एकमेकांना माऊली म्हणतात, वयाने लहान असला तरी. आमच्या कंपनीतला एक सुपरवायझर माझ्या पाया पडला तेव्हा मला कुठे बघावं ते कळेना. पडला तर तुम्हीही पडा, विषय संपला.

दुपारचा विसावा, जेवण, घटकाभर डोळा, पुन्हा चाल. वाटेत हरिपाठ. तळावर पोचल्यावर समाजआरती. या आरतीला जाच. हरवलं-सापडलं, उद्या निघायची वेळ, कुणाची तक्रार, सगळं तिथे पुकारलं जातं. दोन वर्षांपूर्वी माझा चष्मा तिथेच परत मिळाला. रात्री कीर्तन. पहिल्या आठवड्यात तुम्ही कीर्तनात झोपाल. झोपा.

खाण्याचं एकच सांगतो. वाटेत पावलोपावली चहा, पोहे, केळी, लाडू, राजगिऱ्याच्या वड्या देतात. नाही म्हणवत नाही. म्हणून सगळं खाल्लं की तिसऱ्या दिवशी पोट बिघडतं. घ्या, नमस्कार करा, आणि पिशवीत टाका. मागून येणाऱ्या एखाद्या पोराला द्या. साखरेचा त्रास असणाऱ्यांनी तर हे लिहूनच ठेवा.

७. सिन्नरच्या पुढे

त्र्यंबकला धो-धो पाऊस असतो म्हणून नवी माणसं रेनकोटांची थप्पी घेऊन येतात. सिन्नर तालुका लागला की पाऊस मागे राहतो. तो पट्टा पर्जन्यछायेतला आहे. लोणारवाडी, खंबाळे, पारेगाव, पुढे नगरकडे आणि नंतर मिरजगाव-करमाळ्याला कोरडा वारा, धूळ आणि ऊन. इथे रेनकोट उशाला जातो आणि ओला गमछा डोक्यावर येतो. दातलीला रिंगण होतं, ते चुकवू नका. बेलापूरला प्रवरा भेटते, डोंगरगणचा चढ पोटऱ्यांना आठवण देतो, आणि कंदरला केळीच्या बागा.

याच टप्प्यात मन उलटतं. पहिले चार दिवस उत्साहाचे, शेवटचे चार पंढरीचे. मधले दिवस नुसते चालायचे असतात. माझी सवय वेळ मोजायची. फोनवर पावलं मोजणारं ॲप होतं आणि मी दर अर्ध्या तासाला शेजाऱ्याला विचारायचो, “किती राहिलं?” वारीत या प्रश्नाचं एकच उत्तर मिळतं: “हे काय, आलंच.” एक किलोमीटर राहिलेलं असो की नऊ, आलंच. मला राग यायचा. मी सत्तर वर्षांच्या एका आजोबांना ॲप दाखवून सांगितलं की अजून सात पूर्णांक चार किलोमीटर आहे. ते म्हणाले, “असंल माऊली. तुमच्याकडं मशीन हाय.”

सहाव्या दिवशी आमच्या दिंडीतल्या एका पताकावाल्याला ताप आला आणि मालकांनी त्याची पताका माझ्या हातात दिली. पताका दिसते हलकी. खंबाळ्याच्या माळावर वारा सुटला की ती माणसाला ओढते. काठी दोन्ही हातांनी छातीशी धरायची, वाऱ्याच्या उलट अंग टाकायचं, आणि पुढच्याच्या टाचेवर नजर. नाक खाजलं तरी हात सुटत नाही. फोन खिशात वाजला, बंद झाला, पुन्हा वाजला. डावीकडे एका विहिरीच्या काठावर एक बाई हंडा भरून उभी होती. आम्ही जवळ आल्यावर तिने हंडा खाली ठेवला, पताकेला हात लावून कपाळाला लावला आणि पुन्हा हंडा उचलला. माझ्याकडे तिने बघितलंही नाही. मी तिच्या दृष्टीने काठीचा खालचा भाग होतो. विसावा आला तेव्हा कळलं की तीन तास झाले. त्या तीन तासांत मी काय विचार केला? घरच्या कर्जाचा केला, मुलाच्या बारावीचा केला, आणि फळ्यावर माझा आकडा बघून ज्या पोराची त्या महिन्यात बोलणी खाण्याची पाळी आली होती, त्याचा केला. त्याचा विचार मी कंपनीत कधी केला नव्हता. उत्तर काही सापडलं नाही. पण परत गेल्यावर त्याच्या मशीनपाशी जाऊन उभा राहिलो, स्टॉपवॉच न घेता.

म्हणून मधल्या दिवसांत मालक एखादं काम सांगतील ते घ्या. पताका, पंगतीत पाणी वाढणं, ट्रकवर बॅगा चढवणं. आणि मोजणारं ॲप काढून टाका. वाटेत ज्येष्ठ वद्य एकादशी येते, उपास असतो. दुसऱ्या दिवशी द्वादशीला निवृत्तिनाथांची पुण्यतिथी. शके १२१९ च्या याच तिथीला ते समाधिस्थ झाले. ज्यांच्यामागे चालत आलो त्यांची पुण्यतिथी चालता चालताच साजरी होते. त्या दिवशी दिंडीतून सुट्टी घेऊन कुठे फिरायला जाऊ नका.

चौथ्या वर्षी करकंबच्या अलीकडे दिंडोरीचा एक पोरगा लंगडत माझ्या शेजारी आला. आयटीआयला होता. “काका, किती राहिलं?” मी पुढे बघितलं. गाव दिसत नव्हतं, झाडंसुद्धा दिसत नव्हती. “हे काय,” मी म्हटलं, “आलंच.”

८. पंढरपूर आणि परतीचं

वाखरीला मानाच्या पालख्या भेटतात. तिथून पुढे गर्दी अशी होते की आपलं माणूस हाताच्या अंतरावरूनही हरवतं. भेटायची जागा सकाळीच ठरवा. “देवळापाशी” असं ठरवू नका, तिथे लाखो माणसं असतात. दिंडी ज्या मठात किंवा धर्मशाळेत उतरली तिचं नाव आणि गल्ली कागदावर लिहून खिशात ठेवा.

एकादशीला पदस्पर्श दर्शनाची रांग कित्येक तासांची असते. महिनाभर चाललेल्या पायांनी त्यात उभं राहायचं का, ते आदल्या रात्री ठरवा, रांगेत नव्हे. चंद्रभागेचं स्नान, नगरप्रदक्षिणा, नामदेव पायरीला डोकं टेकणं आणि कळसाचं दर्शन, एवढ्यावर जुने वारकरी समाधानी असतात. मी पहिल्या वर्षी हट्टाने रांगेत उभा राहिलो, पायाला हात लागला तो निमिषभर. पुढच्या वर्षांपासून कळसालाच हात जोडतो.

जमलं तर पौर्णिमेच्या गोपाळकाल्यापर्यंत थांबा. एकादशीच्या रात्रीच नाशिकची एसटी पकडायला धावलात तर उभ्याने यावं लागेल. द्वादशीनंतर गाड्यांना जरा जागा होते. प्रसादाचे चुरमुरे-बत्तासे, बुक्का आणि तुळशीच्या माळा पंढरपुरात मोजून घ्या, कारण घरी पोचेपर्यंत मागणारे वाढलेले असतात. सँडल दारातच काढून ठेवा. माझी बायको ते फेकायला निघाली होती. मी ते धुऊन पोटमाळ्यावर ठेवले, कारण पुढच्या वर्षी नवे घालून भागणार नव्हतं.

परतल्यावर दोन-तीन दिवस पहाटे साडेतीनला आपोआप जाग येईल. घरातले झोपलेले असतील. उठून चहा टाका.